सरदाराची टाच

मीठ धरायला लागलं होतं. मिठागराच्या वाफ्यांत पांढरी साय दाटून आली होती, आणखी चार कडक उन्हं मिळाली असती तर फळीनं ओढून ढीग घालता आले असते. पावसाचे काही दिवस नव्हते. तरी एका दुपारी आभाळ भरून आलं आणि असं कोसळलं की विचारू नका. शेतातलं पीक पावसानं आडवं होतं, कुजतं, निदान काडी तरी हाती राहते. मिठाचं तसं नाही, मीठ विरघळून जातं. संध्याकाळी धाकली बांधावर येऊन उभी राहिली तर सगळ्या वाफ्यांत नुसतं गढूळ पाणी होतं.

सासऱ्यानं वाकून पाण्यात बोट बुडवलं, जिभेला लावलं आणि थुंकला.

"गोडं झालं सगळं," म्हणाला.

धाकली म्हणजे या घरची सून. माहेरी दोघी बहिणींतली धाकटी, म्हणून धाकली. केस पिकायला लागले तरी नाव काही मोठं झालं नाही. घरात माणसं तीनच. ती, तिचा नवरा आणि म्हातारा सासरा. एक लेक होती, ती लग्न होऊन लांब गेलेली. मिठागराच्या कडेला त्यांचं दोन खोल्यांचं घर. दाराच्या कड्या खाऱ्या हवेनं गंजून दरवर्षी गळून पडायच्या आणि दरवर्षी नवरा नव्या ठोकायचा.

नवरा त्या संध्याकाळीही काही बोलला नाही. तो तसा बोलणाऱ्यांतला नव्हताच. शब्द काय विकत घ्यावे लागतात का, असं धाकली त्याला चिडवायची. पण देवानं त्याची एक गंमत केली होती. त्याला चेहरा दिला होता तो दुसऱ्याचा. सिनेमातला एक मोठा नट होता. फार पूर्वी एका चित्रपटात त्यानं सरदाराचं काम केलं आणि तेव्हापासून सगळा मुलूख त्याला सरदारच म्हणायला लागला. धाकलीचा नवरा म्हणजे हुबेहूब तो. तेच नाक, तीच हनुवटीवरची खळी, तेच जाड भुवयांखालचे डोळे. बाजारात मीठ घेऊन बसला की लोक मुद्दाम वाकून विचारायचे, "काय सरदार, मीठ कसं दिलं?" हा बिचारा कानापर्यंत लाल व्हायचा आणि मापाकडे बघत राहायचा. सरदार हजार माणसांत गरजायचा. याला बाजारात "मीठ घ्या" म्हणायचीही चोरी.

चाल तर अगदीच वेगळी. मिठागरातला माणूस पाऊल उचलून टाकत नाही, सरकवतो. वाफ्याचा तळ चिखल तुडवून तुडवून घट्ट केलेला असतो. त्यावर टाच आपटली की तळ फुटतो आणि खारं पाणी खाली जिरून जातं. म्हणून इथली माणसं रस्त्यावरसुद्धा तशीच चालतात, जमिनीला न दुखवता. नवरा घरी आला तर धाकलीला कधी पावलांचा आवाज आला नाही. कळायचं ते त्याच्या बोलण्यानं. बाजारातून येवो नाहीतर वाफ्यावरून, उंबऱ्याबाहेरच हळू आवाजात विचारायचा, "मीठ धरलं का?" पावसाळ्यात, वाफे बंद असतानासुद्धा. सवयच ती. ती आतून म्हणायची, "हो, चुलीवर धरलंय, या." मग रात्रीच्या जेवणाआधी दोघं भिंतीला टेकून बसायची आणि एकमेकांच्या टाचांना तेल चोळायची. मिठानं टाचा अशा उलायच्या की भेगेत दाणा मावावा. तो आधी तिच्या पायांना लावायचा. दुसऱ्या कुणाला सांगायला तिला लाज वाटली असती, पण दिवसभर ती त्या वेळेचीच वाट बघायची.

पाऊस पडून गेला आणि तिसऱ्या-चौथ्या दिवशी बँडवाला दारात आला.

लग्नात वाजवणारा बँड होता त्याचा. सोनेरी बटणांचा कोट, त्यातली दोन बटणं गेलेली, आणि आवाज असा की कर्णा वेगळा नकोच. नवऱ्याला बघून त्यानं अंगणातच सलाम ठोकला.

"वहिनी, घरात सोनं पडलंय आणि तुम्ही मीठ काय वेचताय?"

"मीठ तरी कुठंय?" धाकली म्हणाली.

"तेच म्हणतो मी! नवीन दुकान निघतं, पेढी निघते, त्यांना कुणीतरी मोठा माणूस लागतो. यायचं, फीत कापायची, हात हलवायचा, परत गाडीत बसायचं. बोलायचंसुद्धा नाही फार. मी सगळं बघतो."

"आणि लोकांना काय सांगणार?" सासऱ्यानं विचारलं.

"सांगायचं कशाला काका? लोक बघतील आणि काय समजायचं ते समजतील. मी आपला बँड वाजवणार."

"म्हणजे फसवायचं."

"अहो, खरा सरदार या आडबाजूला सात जन्मांत यायचा नाही. लोक हळहळत बसतात. त्यांना दोन घटका आनंद झाला तर कुणाचं काय गेलं?"

सासरा उठून आत गेला. नवऱ्यानं धाकलीकडे बघितलं. तळ पुन्हा तुडवायचा, पाणी पुन्हा भरायचं, मीठ धरेपर्यंत चूल कशी पेटायची हे त्याच्या डोळ्यांत होतं. तिच्याही होतं. ती म्हणाली, "जाऊन तर बघा." नंतर कितीतरी दिवस तिला आपलेच ते शब्द कानात ऐकू यायचे.

दुसऱ्या दिवसापासून बांधावर शिकवणी सुरू झाली. बँडवाल्यानं बूट आणले होते, टाचेला लोखंडी नाल ठोकलेले. नवऱ्याचे रुंद, पसरट पाय त्यात जाईनात. दोघांनी मिळून कोंबले.

"टाच आपटायची! छाती पुढं! सरदार चालतो तेव्हा जमिनीला कळलं पाहिजे."

ठक, ठक. नवरा चार पावलं टाकायचा आणि पाचवं आपोआप सरकायचं. बँडवाला कपाळाला हात लावायचा. सासरा वाफ्यातलं पाणी सोडत होता, तिथून ओरडला, "पन्नाशीला आलेल्या माझ्या पोराला चालायला शिकवतोय बघा हा!" धाकलीला हसू फुटलं. नवराही हसला. तिघं मिळून हसण्याची ती शेवटची वेळ, पण तेव्हा कुणाला ठाऊक होतं?

तो गेला. मागं राहिलं ते काम. तळ तुडवायचं काम तिघांचं असतं. एकमेकांच्या खांद्यावर हात टाकून एका ओळीत उभं राहायचं आणि चवड्यांनी चिखल दाबत, इंच इंच सरकत, वाफ्याच्या एका कडेपासून दुसऱ्या कडेपर्यंत जायचं. मग परत. मधला माणूस दणकट लागतो, दोन्हीकडचा भार त्याच्यावर येतो. मधली जागा नवऱ्याची. आता म्हातारा आणि सून अशी दोघंच, एकमेकांना धरून, कधी तो कलंडायचा कधी ती. संध्याकाळी म्हाताऱ्याच्या पोटऱ्यांत गोळे यायचे. धाकली त्याला शेक द्यायची आणि स्वतःच्या टाचांना तेल लावायचा तिला कंटाळा यायचा. एकटीनं लावण्यात काय आहे?

पहिल्या खेपेला तो आला तेव्हा तिला आवाज आला. ठक, ठक, ठक. तिला वाटलं कुणी सरकारी माणूस आलाय, तिनं पदर सावरला. दारात नवरा उभा. डोळ्यांवर काळा चष्मा, केस काळेभोर, हातात रेडिओ.

"घे, तुझ्यासाठी," म्हणाला. मीठ धरलं का, ते विचारलं नाही.

त्या दिवशी तो इतका बोलला की तिला नवल वाटलं. गर्दी कशी होती, पोरी कशा ओरडल्या, एका दुकानदारानं स्वतःची खुर्ची पुसून दिली. "अगं, मी नुसता हात वर केला तर सगळे गप्प! आयुष्यात माझ्यासाठी कधी कुणी गप्प बसलं होतं का?" ती म्हणाली, "मी तर रोजच बसते." पण त्याचं लक्ष नव्हतं.

पुढच्या खेपेला आवाजही बदललेला. पाणी मागितलं ते सरदाराच्या घोगऱ्या, खर्जातल्या आवाजात. तिला वाटलं चेष्टा करतोय. पण जेवतानाही तोच आवाज. रात्री ती तेलाची वाटी घेऊन शेजारी बसली आणि त्याचं पाऊल मांडीवर घेतलं. पाऊल गुळगुळीत होतं. एकही भेग नव्हती. त्यानं पाय ओढून घेतला.

"राहू दे. शहरात एक बाई दगडानं घासून देते. तेल लागलं की बुटात पाय घसरतो."

"माझ्या तरी लावता का?" तिनं विचारलं. एवढं विचारायला तिला किती धीर करावा लागला ते तिचं तिला माहीत.

"उद्या. आज अंग मोडून आलंय." आणि तो भिंतीकडे तोंड करून झोपला. वाटी तशीच राहिली. सकाळी तिच्यात मुंग्या पडलेल्या.

सकाळी मात्र तो आपण होऊन वाफ्यावर आला. बूट काढले, विजार वर खोचली. पहिला वाफा नुकताच तयार झाला होता, त्यात बोटभर खारं पाणी भरलं होतं. म्हाताऱ्याचा चेहरा उजळला. मुलगा उतरला, फळी हातात घेतली आणि चालायला लागला. छाती पुढं, टाच आधी. त्याचं त्यालाही कळलं नाही. वाफ्याच्या मध्यापर्यंत गेला तेव्हा मागं टाचांच्या खळग्यांची रांग उठली होती आणि प्रत्येक खळग्यातून बुडबुडे येत होते. पाणी खाली चाललं होतं.

"थांब!" म्हातारा ओरडला.

तो थांबला. खाली बघितलं. मग मागं बघितलं.

"बाहेर हो," म्हातारा म्हणाला. आवाज चढलेला नव्हता, तेच वाईट होतं. "जसा गेलास तसा नको येऊस, आणखी फोडशील. तिथंच थांब. सूनबाई, फळकूट टाक."

धाकलीनं फळकूट टाकलं आणि जन्मभर मिठागरात वाढलेला माणूस पाहुण्यासारखा त्यावरून चालत बाहेर आला. बूट हातात घेऊन घराकडे गेला. दुपारी बँडवाल्याची गाडी आली, तो बसून निघून गेला. संध्याकाळपर्यंत वाफा कोरडा ठणठणीत झाला. धाकलीनं आणि म्हाताऱ्यानं तो पुन्हा पहिल्यापासून तुडवायला घेतला.

त्यानंतर तो बरेच दिवस आलाच नाही.

फळीचा दांडा मोडला म्हणून धाकली एकदा तालुक्याच्या गावी सुताराकडे गेली. दांड्याचं निमित्त होतं, हे म्हाताऱ्यालाही कळलं असावं. गावात भिंतीभिंतींवर सरदाराचे कागद चिकटवलेले, त्यावर खऱ्या सरदाराचं नाव आणि खऱ्या सरदाराचा फोटो. कापडाच्या नव्या दुकानापुढं ही गर्दी. बँड वाजत होता. दुकानाच्या पायरीवर खुर्ची आणि खुर्चीवर तिचा नवरा. लोक रांगेनं येत होते, हात हातात घेत होते, पुढं सरकत होते.

तिनं ठरवलं काहीच नव्हतं. पाय आपोआप रांगेत गेले. तिच्या पुढं एक म्हातारी होती, काठी टेकत आलेली. सारखी मागं वळून बोलायची.

"आमचे हे होते ना, त्यांनी मला आयुष्यात एकच सिनेमा दाखवला. याचाच. बाहेर आल्यावर मला म्हणाले, तुला आवडला ना, तर आपण एकदा त्याला बघून येऊ. ते गेले, राहून गेलं. आता मी एकटी बघते आणि जाऊन सांगते त्यांना."

 म्हातारी पुढं गेली, तिनं दोन्ही हातांनी सरदाराचा हात धरला आणि कपाळाला लावला. तो घोगऱ्या आवाजात काहीतरी म्हणाला. म्हातारी रडत बाजूला झाली.

मग धाकली त्याच्यापुढं उभी राहिली. चष्म्याच्या काळ्या काचांत तिला स्वतःचाच चेहरा दिसला, घामेजलेला, खांद्याशी लाकडी दांडा. त्यानं हात पुढं केला. तिनं धरला. हात मऊ होता, अनोळखी. पण अंगठा जुनाच. तो तिच्या तळहातावरच्या भेगेवरून एकदाच, हळूच फिरला.

"खूश राहा, ताई," सरदार म्हणाला.

मागच्यांनी ढकललं आणि ती बाजूला झाली. घरी येईपर्यंत तिनं तो तळहात मिटूनच ठेवला होता. सासऱ्यानं विचारलं, "दिसला का?" ती म्हणाली, "गर्दी फार होती." रात्री तिला वाटत राहिलं, अंगठा फिरला होता की आपल्यालाच तसं वाटलं? रांगेतल्या सगळ्याच बायकांना तसं वाटलं असेल?

उन्हं चांगली पडायला लागली. पाणी आटून दाट झालं. दोन वाफे तरी हाताला लागतील असं म्हातारा म्हणायला लागला. एका दुपारी दोघं जेवून सावलीत टेकली होती, रेडिओ लावलेला होता. गाणं मध्येच थांबलं आणि एका बाईनं सरदाराचं पूर्ण नाव घेऊन सांगितलं, की आज सकाळी राहत्या घरी त्याचं निधन झालं.



"आपला कुठंय आज?" म्हाताऱ्यानं विचारलं.

"माहीत नाही. बँडवाला कुठं कुठं नेतो."

धाकलीला वाटलं, लोकांच्या हातात सापडला तर सोडतील का त्याला? आणि त्याच क्षणी मनात आलं, आता तरी घरी येईल. मेल्या माणसाच्या बातमीवर असं काही सुचावं याची तिची तिलाच लाज वाटली. पण सुचलं ते सुचलं. म्हाताऱ्यानं रेडिओ बंद केला.

"चल. वाफा आपल्यासाठी थांबत नाही."

संध्याकाळी मीठ नेणारा गाडीवान खबर घेऊन आला. तालुक्याला खोटा सरदार धरला म्हणे. बँडवाला तर भर चौकात कर्णा टाकून पळाला. "आणि तो?" धाकलीनं विचारलं. गाडीवान तिच्याकडे बघेना. "मारला म्हणतात. पुढचं मला ठाऊक नाही, वहिनी."

म्हातारा दुसऱ्या दिवशी तालुक्याला जाऊन हात हलवत परत आला. कुणाला काही माहीत नव्हतं. धाकली काम करता करता कान देत होती. बांधावर कुठं टाच वाजतेय का. गुरं गेली, गाडीवान गेला. टाच काही वाजली नाही.

मग एका सकाळी, उजाडता उजाडता, ती पाटाचं तोंड उघडायला वाफ्यावर वाकली होती. आवाज कसलाच आला नाही. पाणी धावायला लागलं म्हणून ती सरळ झाली आणि मागं बघितलं तर बांधावर तो उभा.

पायांत बूट नव्हते. एक कान सुजून काळा पडलेला, ओठ फाटलेला. केसांच्या मुळाशी पांढरं दिसत होतं. चालून चालून मऊ पावलांची सालं निघाली होती.

"कुठून आलात?" तिला एवढंच विचारता आलं.

"चालत." आवाज ना त्याचा ना सरदाराचा, बसलेला. "दिवसा लपायचो."

तो बांधावर खाली बसला.  मग आपणच बोलायला लागला.

"गाडीतून उतरलो तर बँड नाही, टाळ्या नाहीत. सगळे नुसते बघतायत. मला काय माहीत काय झालंय? ती म्हातारी पुढं आली. तुझ्यापुढं होती बघ रांगेत, काठीवाली. ती."

 म्हणजे त्यानं आपल्याला ओळखलं होतं, धाकलीच्या मनात आलं.

"तिनं माझ्या तोंडावरून हात फिरवला. म्हणाली, तू गेलास ना रे? रेडिओवर सांगितलं. मला सरदाराच्या आवाजात काहीतरी ठोकून देता आलं असतं. बँडवाला मागून खुणा करत होता, बोल, बोल. पण अगं, ती इतक्या आशेनं बघत होती... मी चष्मा काढला. म्हटलं, होय आई, सरदार गेला. मी मीठ विकतो." त्यानं ओठ पुसला. "मग लोकांनी धरलं. बरं केलं त्यांनी. ती तेवढी मारू नका म्हणत होती."

मागं म्हातारा येऊन उभा राहिला होता, कधी आला कळलं नाही. मुलानं बापाकडे बघितलं आणि मान खाली घातली. म्हाताऱ्यानं त्याला डोक्यापासून पायापर्यंत न्याहाळलं. 

"तिसरा वाफा तुडवायचा राहिलाय," तो म्हणाला. "आमच्या दोघांच्यानं होत नाही."

"त्यांचे पाय बघा मामंजी," धाकली म्हणाली. "सोललेत. मिठाचा चिखल लागला तर आग आग होईल."

"होऊ दे," नवरा म्हणाला आणि उठला.

तिघं उतरली. तो मध्ये. पहिलं पाऊल चिखलात गेलं आणि त्याच्या सगळ्या अंगातून कळ गेली, ती तिला खांद्यावरच्या हातातून कळली. 

"टाच लावू नकोस," म्हातारा म्हणाला.

त्याला आधी जमेना. टाच पुढं जायची, तो थांबायचा, मागं घ्यायचा, पुन्हा सरकवायचा. लहान मूल चालायला शिकतं तसं. दोघं त्याच्यासाठी थांबायची. कुणी घाई केली नाही. ऊन अंगावर आलं, वाफा अर्धा झाला, मग त्याचं पाऊल आपसूक सरकायला लागलं. डोळ्यांतून पाणी वाहत होतं, आगीनं की कशानं, कुणी विचारलं नाही. धाकलीच्या खांद्यावर त्याचा सगळा भार आला होता आणि तो तिला हवा होता. घरी तेलाची वाटी भरून ठेवायला हवी, एवढंच तिच्या डोक्यात होतं. आधी त्याच्या पायांना. मग बघू.

पलीकडच्या कडेला पोचल्यावर तिघं दम खायला थांबली. मागं वळून बघितलं तर तळ सपाट, कुठं खळगा नाही. शेजारच्या वाफ्यावर ऊन चकाकत होतं. नवऱ्यानं तिकडं मान वळवली आणि अगदी हळू, त्याच्या जुन्या आवाजात विचारलं,

"मीठ धरलं का?"

धाकलीला रोजचं उत्तर द्यायचं होतं, चुलीवर धरलंय म्हणून. पण तिनं नुसती त्याच्या पाठीवरची मूठ घट्ट केली.

शेवटी म्हाताराच म्हणाला, "धरेल. उन्हं आहेत अजून."